लायसन्सवरची तारीख वाचली का?

घरातल्या सगळ्या तारखा आपल्या डोक्यात पक्क्या असतात. गॅसची टाकी कधी लावली, लाइट बिलाची शेवटची तारीख कोणती, नातवाचा पुढचा डोस कधी, सासूबाईंच्या बी.पी.च्या गोळ्या किती उरल्या, बचतगटाचा हप्ता कधी भरायचा... सगळं तोंडपाठ! भिंतीवरच्या कॅलेंडरवर लाल पेनाने गोल करून ठेवणारी या घरात दुसरी कोण असते? आपणच.

पण मैत्रिणींनो, आज एक साधा प्रश्न विचारते. तुमच्या पर्सच्या आतल्या कप्प्यात जे ड्रायव्हिंग लायसन्स आहे, त्यावर शेवटची तारीख कोणती लिहिली आहे?

हाच प्रश्न मी मागच्या महिन्यात आमच्या बचतगटाच्या बैठकीत विचारला. केजला आमच्या गटात स्कूटी चालवणाऱ्या अकरा जणी आहेत. लायसन्स काढलेल्या त्यातल्या सात. त्या सातपैकी चौघींची मुदत संपून गेलेली! एकीची तर दोन वर्षांपूर्वीच. ती म्हणाली, "ताई, लायसन्स एकदा काढलं की झालं ना? त्याला काय दुधासारखी तारीख असते का?" सगळ्या हसल्या. पण हसता हसता प्रत्येकीचा हात पर्सकडे गेला.

असं का झालं, हे समजून घ्यायला थोडं मागे जावं लागेल.

आपल्या स्कूटीची वीस वर्षं

आपल्याकडच्या छोट्या गावांत बायका गाडी चालवायला लागल्या त्या साधारण २००० नंतरच्या काळात. त्याआधी एखादी शाळेतली बाई नाहीतर नर्स लुनावरून जायची आणि अख्खा बाजार मान वळवून बघायचा. मग विनागिअरच्या गाड्या आल्या. बटण दाबलं की सुरू, साडी नेसूनही चालवता येते, पुढे दळणाचा डबा ठेवायला जागा. मुलांना शाळेत सोडणं, बँक, भाजी, दवाखाना... घरातल्या पुरुषमाणसाची वाट बघत बसण्याची गरज उरली नाही.

मी २००४ साली लायसन्स काढलं तेव्हा घरात महाभारत झालं होतं. "बाईमाणसाला गाडी कशाला पाहिजे? काही लागलं तर पोरं आहेत ना," असं सासरे म्हणायचे. पुढे त्यांच्या गुडघ्याचं दुखणं वाढलं आणि दर पंधरा दिवसांनी दवाखान्यात न्यायची वेळ आली, तेव्हा पोरं आपापल्या कामावर आणि मामंजी माझ्या गाडीच्या मागच्या सीटवर! त्यानंतर मात्र घरी पाहुणे आले की ते स्वतःच सांगायचे, "आमच्या सूनबाई गाडी चांगली चालवतात, खड्डा आला की आधीच हळू करतात."

तर सांगायचं असं की, आपल्यातल्या कितीतरी जणींनी २००० ते २००८ या काळात लायसन्स काढली. तेव्हाच्या कायद्यानुसार खासगी गाडीचं लायसन्स २० वर्षं किंवा वयाची ५० वर्षं पूर्ण होईपर्यंत, यातलं जे आधी येईल तोपर्यंत चालायचं. आता हिशोब करा. २००५ साली पंचविसाव्या वर्षी लायसन्स काढलेल्या बाईची २० वर्षं २०२५ ला संपली. आणि २००८ साली अडतिसाव्या वर्षी काढणारीला तर २० वर्षं मिळालीच नाहीत. तिची पन्नाशी २०२० ला आली, म्हणजे बारा वर्षांतच मुदत संपली. "माझं तर वीस वर्षांचं आहे," या समजुतीत ती आजही गाडी चालवत असेल!

त्यात मधे कोरोना आला. तेव्हा मुदत संपलेल्या कागदपत्रांना सरकारने सवलत दिली होती. ती वाढत वाढत ३१ ऑक्टोबर २०२१ पर्यंत गेली आणि तिथे संपली. "सरकारनं मुदत वाढवली होती की," असं अजूनही कुणी कुणी सांगतं. ते खरं होतं, पण तेव्हापुरतं.

कायदा बदलला, आपल्याला कळलंच नाही

मोटार वाहन कायदा १९८८ चा. त्यात २०१९ साली मोठी दुरुस्ती झाली आणि १ सप्टेंबर २०१९ पासून लायसन्सचे नियम बदलले. दंड वाढला हे सगळ्यांना कळलं, कारण त्याच्या बातम्या झाल्या, विनोद झाले. पण मुदतीचे नियम बदलले ते फारसं कुणी सांगितलं नाही. ते असे आहेत.

लायसन्स काढताना किंवा नूतनीकरण करताना तुमचं वय तिशीच्या आत असेल, तर लायसन्स वयाच्या चाळिशीपर्यंत चालतं. वय ३० ते ५० च्या मधलं असेल तर १० वर्षं. ५० ते ५५ च्या मधलं असेल तर वयाच्या साठीपर्यंत. आणि ५५ च्या पुढे दर पाच वर्षांनी नूतनीकरण.

दुसरा बदल जास्त महत्त्वाचा. पूर्वी तारीख संपल्यावरही ३० दिवस लायसन्स ग्राह्य धरलं जायचं. ती सवलत २०१९ च्या दुरुस्तीत काढून टाकली. म्हणजे आज तारीख संपली की उद्यापासून तुम्ही विनालायसन्स! मात्र नूतनीकरणाचा अर्ज मुदत संपण्याच्या एक वर्ष आधीपासून ते मुदत संपल्यावर एक वर्षापर्यंत करता येतो. ते वर्षही उलटून गेलं, तर परत गाडी चालवून दाखवण्याची परीक्षा द्यावी लागते. वीस वर्षं गाडी चालवणाऱ्या बाईने पुन्हा मैदानात जाऊन साहेबांसमोर चाचणी द्यायची. नको वाटतं ना?

इथे बऱ्याच जणींचा गोंधळ होतो. "एक वर्ष मिळतंय ना, मग काय घाई?" असं वाटतं. ते एक वर्ष अर्ज करण्यासाठी आहे, गाडी चालवण्यासाठी नाही! नूतनीकरण झालं की नवी मुदत नूतनीकरणाच्या तारखेपासून धरतात. मधे जे दिवस गेले ते भरून निघत नाहीत. त्या दिवसांत काही झालं, तर कागदावर तुमच्याकडे लायसन्स नव्हतं, एवढंच राहतं.

आणि "काही होतंच कुठे" असं म्हणू नका. झालेलं मी पाहिलं आहे.

एका सेविकेची गोष्ट

माझ्या ओळखीची एक अंगणवाडी सेविका आहे. रोज नऊ किलोमीटर गाडीवरून जाते. शांत स्वभाव, कधी चाळीसच्या वर काटा जात नाही. गेल्या हिवाळ्यात संध्याकाळी परत येताना वळणावर एक म्हातारबाबा अचानक आडवे आले. तिने ब्रेक दाबला, पण गाडी घसरली आणि बाबांच्या पायाला लागलं. हाड मोडलं. तिने स्वतः रिक्षा थांबवून त्यांना दवाखान्यात नेलं, रात्रभर बसून राहिली. बाबांच्या घरच्यांनीही समजून घेतलं. पण ऑपरेशनचा खर्च मोठा होता, म्हणून त्यांनी रीतसर भरपाईचा दावा केला. त्यात चूक काहीच नाही. त्यासाठीच तर विमा असतो.

तिच्या गाडीचा विमा भरलेला होता. एक दिवसही चुकवलेला नव्हता. पण कागद बघताना निघालं की लायसन्सची मुदत पाच महिन्यांपूर्वी संपली होती. विमा कंपनीने तिच्या स्वतःच्या गाडीच्या दुरुस्तीचे पैसे नाकारले. आणि बाबांच्या दाव्यात लेखी म्हणणं दिलं की गाडी चालवणारीकडे वैध लायसन्स नव्हतं, त्यामुळे जबाबदारी आमची नाही.

मी वकिलांना विचारलं. त्यांनी सांगितलं की अशा बाबतीत सर्वोच्च न्यायालयाचा २००४ सालचा स्वर्णसिंह यांच्या प्रकरणातला निकाल महत्त्वाचा आहे. जखमी माणूस भरपाईविना राहू नये म्हणून कंपनीने आधी त्याला पैसे द्यावेत आणि मग परिस्थिती पाहून ते गाडीच्या मालकाकडून वसूल करता यावेत, असा मार्ग त्यात आहे. म्हणजे बाबांना पैसे मिळण्याची आशा आहे, हे चांगलंच. पण वसुली? ती या बाईकडून होऊ शकते. प्रकरण अजून चालू आहे. मानधनावर काम करणारी बाई रोज रात्री हिशोब मांडते की तसं झालं तर कुठून आणायचे. परवा मला म्हणाली, "वहिनी, पाटल्या मोडल्या तरी पुरायचं नाही ओ."

थोडक्या फीचं काम आणि एका दिवसाची फेरी. ती राहून गेली म्हणून एवढी टांगती तलवार! दंडाचं तर वेगळंच. विनालायसन्स गाडी चालवली तर कायद्यात ५००० रुपयांपर्यंत दंड आहे, तीन महिन्यांपर्यंत कैदेचीही तरतूद आहे. आणि लायसन्स नसलेल्या माणसाच्या हातात आपली गाडी दिली, तर देणाऱ्यालाही ५००० रुपयांपर्यंत दंड. भाऊ आला, भाचा आला आणि "जरा गाडी द्या" म्हणाला की किल्ली देतो आपण. तेव्हाही हा विचार करायला हवा.

करायचं कसं?

आता कामाचं सांगते. आपल्या बीड जिल्ह्यात आर.टी.ओ.ची दोन कार्यालयं आहेत. बीडचं एमएच २३ आणि अंबाजोगाईचं एमएच ४४. पण आधी आपलं लायसन्स नीट वाचायला शिका. नंबर एमएचने सुरू होतो, ते आपलं राज्य. पुढचे दोन आकडे कार्यालयाचे, त्यापुढचे चार आकडे लायसन्स काढलं त्या सालाचे आणि मग उरलेला क्रमांक. माहेरी सोलापूरला काढलेलं असेल तर एमएच १३, लातूरचं असेल तर एमएच २४. "माझं माहेरचं लायसन्स आहे, तिकडे जावं लागेल का?" असं खूप जणी विचारतात. नाही. जिथे राहता तिथल्या कार्यालयातून नूतनीकरण होतं.

अर्ज ऑनलाइन भरायचा असतो. केंद्र सरकारच्या परिवहन संकेतस्थळावर 'सारथी' नावाचा भाग आहे. त्यात महाराष्ट्र निवडायचं, लायसन्स नंबर आणि जन्मतारीख टाकायची, की आपली माहिती समोर येते. घरात शिकलेली मुलगी असेल तर ती अर्ध्या तासात करते. नसेल तर गावातल्या सेवा केंद्रात करून मिळतं. केंद्राच्या नियमात नूतनीकरणाची फी २०० रुपये आणि स्मार्ट कार्डाचे २०० वेगळे आहेत. मुदत उलटल्यावर अर्ज केला तर जादा पैसे लागतात. ऑनलाइन भरलेल्या पैशांची पावती निघते. पावतीवर जो आकडा तोच सरकारचा, बाकीचे मधल्या माणसाचे, हे लक्षात ठेवा.

चाळिशी ओलांडली असेल तर आणखी एक कागद लागतो, तो म्हणजे नोंदणीकृत डॉक्टरचं वैद्यकीय प्रमाणपत्र. कार्यालयात त्याला 'फॉर्म वन ए' म्हणतात. हा कागद नुसता सही-शिक्क्याचा समजू नका. चांगल्या उजेडात २५ मीटरवरून गाडीची नंबर प्लेट वाचता येते का, चष्मा असेल तर चष्मा लावून, हे त्यात बघायचं असतं. आपण बायका स्वतःचे डोळे कधी तपासतो? सुईत दोरा ओवता येईना की चाळिशीचा चष्मा आणतो, पण लांबचं अंधुक दिसायला लागलं तर सवय करून घेतो. आमच्या गटातल्या एकीला या प्रमाणपत्राच्या निमित्तानेच कळलं की तिच्या उजव्या डोळ्यात मोतीबिंदू धरलाय. लायसन्स महिनाभर लांबलं, पण डोळा वाचला. म्हणून मी म्हणते, डॉक्टरांकडे खरंच जा, खरंच तपासून घ्या. दुसऱ्याच्या हातून आणलेला कागद आर.टी.ओ.त चालेल कदाचित, रस्त्यावर चालत नाही.

ज्यांचं लायसन्स जुनं, हाताने लिहिलेलं पुस्तकी आहे, त्यांची माहिती संगणकात नसण्याची शक्यता असते. मग आधी कार्यालयात जाऊन ती नोंद करून घ्यावी लागते. म्हणून पुस्तकवाल्या मैत्रिणींनी शेवटच्या महिन्यापर्यंत थांबूच नये.

ओ.टी.पी. कुणाच्या मोबाइलवर येतो?

मार्च २०२१ मध्ये केंद्राने अधिसूचना काढली, तेव्हापासून परीक्षा द्यावी न लागणारं नूतनीकरण आधारची खात्री पटवून घरबसल्या करता येतं. कार्यालयात खेपा नकोत, रांग नको. ऐकायला किती छान! पण आपल्या भागात गाडी अडते ती ओ.टी.पी.वर.

आमच्या गटातल्या एका बाईचं उदाहरण देते. नवरा ट्रॅक्टरवर ड्रायव्हर. दिवाळीनंतर ऊसतोडीच्या टोळीबरोबर कोल्हापूरकडे गेलेला. ही इथे गावी, मुलांच्या शाळेसाठी थांबलेली. दूध घालायला स्कूटी. लायसन्सची तारीख जवळ आली म्हणून आम्ही अर्ज भरायला बसलो. आधार नंबर टाकला आणि ओ.टी.पी. गेला तो नवऱ्याच्या मोबाइलवर! कारण आधार काढताना घरात एकच फोन होता आणि तो त्यांचा. ते फडात, तिथे रेंज नाही. त्यांनी फोन उचलून आकडा सांगेपर्यंत वेळ संपून जायचा. तीनदा केलं, तीनदा गेला. शेवटी ती वैतागून म्हणाली, "माझं नाव, माझा फोटू, माझा अंगठा, आन् कुलपाची चावी तेवढी त्यांच्या खिशात!"

किती खरं बोलली! घर नवऱ्याच्या नावावर, शेत सासऱ्यांच्या नावावर, गाडीसुद्धा पुष्कळदा मुलाच्या नावावर. लायसन्स मात्र आपल्या एकटीच्या नावावर असतं. ते वारसाने मिळत नाही, कुणाच्या नावाला जोडून येत नाही. आपण शिकलो, परीक्षा दिली, म्हणून मिळालं. मग त्याची चावीही आपल्याच हातात हवी ना? आधार केंद्रात जाऊन स्वतःचा मोबाइल नंबर आधारला जोडून घ्या. एका खेपेचं काम आहे आणि ते फक्त लायसन्सला नाही, बँकेला, योजनांना, सगळ्यालाच उपयोगी पडतं. आमच्या त्या बाईने पुढच्या बाजाराच्या दिवशी आधी तेच केलं आणि मग लायसन्स.

दुसरी अडचण नावाची. लायसन्स लग्नाआधीचं, त्यावर वडिलांचं नाव आणि माहेरचं आडनाव. आधारवर नवऱ्याचं नाव आणि सासरचं आडनाव. संगणक बिचारा दोन वेगळ्या बायका समजतो! लग्नानंतर नाव बदललंच पाहिजे असं कायद्यात कुठेही नाही. पण बदललं असेल तर सगळ्या कागदांवर एकच नाव करून घ्या. विवाह नोंदणीचा दाखला त्यासाठी फार कामाचा असतो. तो काढला नसेल तर तेही काम यादीत लिहा. पत्ताही बघून घ्या, कारण नवीन कार्ड पोस्टाने पत्त्यावर येतं. जुन्या भाड्याच्या घराचा पत्ता राहिला असेल तर कार्ड फिरून परत जाईल.

ऊसतोडीला जाण्याआधी

आपल्या जिल्ह्यातली हजारो कुटुंबं दसरा-दिवाळीनंतर ऊस तोडायला पश्चिम महाराष्ट्रात, कर्नाटकात जातात आणि उन्हाळा लागताना परत येतात. लायसन्सची तारीख काही तुमचा सीझन बघून संपत नाही. डिसेंबरात संपली तर काय करणार? टोळी सोडून येता येत नाही, उचल घेतलेली असते. मग पोरगा नाहीतर नवरा तसाच ट्रॅक्टर चालवतो. रात्रीचा रस्ता, मागे दोन ट्रॉल्या, उसावर बसलेली माणसं... तिथे काही झालं तर?

यावर उपाय कायद्यातच आहे. अर्ज एक वर्ष आधी करता येतो. म्हणून पोळ्याच्या आसपास, माणसं गावी असतानाच, पेटीतले कागद बाहेर काढा. येत्या सीझनमध्ये ज्याची तारीख संपणार असेल, त्याचं नूतनीकरण जायच्या आधी उरकून घ्या. वाहतुकीच्या गाड्यांच्या लायसन्सची मुदत आता पाच वर्षांची आहे, ती वेगळी मोजा. घरातले कागद सांभाळणारी बाईच असते. तेव्हा ही आठवण तिनेच करून द्यायची.

लेकींचं काय?

आता थोडं मुलींविषयी. दहावी-बारावीच्या मुली क्लासला स्कूटीवरून जातात. आयांना सोय वाटते, मलाही वाटते. पण कायदा काय म्हणतो ते ऐका. सोळाव्या वर्षी लायसन्स मिळतं ते फक्त ५० सी.सी.पर्यंतच्या गाडीचं. आपल्या दारात उभ्या असलेल्या गाड्या शंभर-सव्वाशे सी.सी.च्या. त्या चालवायला अठरा पूर्ण हवीत. अल्पवयीन मुलाच्या किंवा मुलीच्या हातून गाडीने गुन्हा घडला, तर २०१९ पासून पालकांना किंवा गाडीच्या मालकाला २५,००० रुपये दंड आणि तीन वर्षांपर्यंत कैद होऊ शकते. गाडीची नोंदणी वर्षभरासाठी रद्द होते आणि त्या मुलाला वयाच्या पंचविशीपर्यंत लायसन्स मिळत नाही. पंचविशीपर्यंत! म्हणजे शिक्षण संपून नोकरी लागेपर्यंत पायी.

"मग बॅटरीवरची घेऊन दिली तर?" असंही विचारतात. ताशी २५ किलोमीटरच्या आत चालणारी आणि २५० वॅटपर्यंतच्या मोटरची बारकी गाडी असेल तर लायसन्स लागत नाही. त्याहून जोरात पळणारी असेल तर ती पेट्रोलच्या गाडीसारखीच. तिला नंबर प्लेटही हवी आणि लायसन्सही. दुकानदार "काहीच लागत नाही" म्हणाला तरी गाडीचा वेग आणि वॅट कागदावर बघा.

अठरा झाल्या की मात्र मुलीला थांबवू नका. शिकाऊ लायसन्स सहा महिन्यांचं असतं आणि ३० दिवसांनंतर पक्क्यासाठी अर्ज करता येतो. महाराष्ट्रात जून २०२१ पासून शिकाऊ लायसन्सची परीक्षाही घरबसल्या देता येते. ती तिची तिलाच देऊ द्या. मुलीच्या जागी भावाने बसून उत्तरं दिली, तर कार्ड मिळेल, पण चौकातली पाटी तिला वाचता येणार नाही.

एजंट आणि फसवी लिंक

"दोन हजार द्या ताई, तुम्हाला यायची पण गरज नाही." हे वाक्य ओळखीचं आहे ना? एजंटकडे जाणाऱ्या बाईला मी नावं ठेवत नाही. दिवसाची मजुरी बुडते, बसचं भाडं लागतं, खिडकीवर नीट उत्तर मिळत नाही, मग बाई काय करणार? पण आपण चार-पाच जणी मिळून गेलो तर? आमच्या गटाने तसंच केलं. ज्यांना कार्यालयात जावंच लागणार होतं, त्यांनी एकच दिवस ठरवला. १७ मार्च २०२३ पासून एस.टी.त आपल्याला अर्धं तिकीट आहेच. सकाळच्या गाडीने डबे घेऊन निघालो. कागदांच्या दोन-दोन झेरॉक्स, मूळ कागद वेगळ्या पिशवीत. दुपारी तीनपर्यंत सगळ्यांची कामं झाली आणि एजंटला एक रुपया गेला नाही. घोळक्याने गेलं की खिडकीपलीकडचा माणूसही "बसा, सांगतो" म्हणतो, हा अनुभव आहे.

एक धोक्याची सूचना. "तुमचं चलन भरायचं राहिलं आहे, लायसन्स रद्द होईल, खालची लिंक उघडा" असे मेसेज व्हॉट्सअॅपवर येतात. उघडू नका! त्यातून फोनमध्ये भलतंच अॅप शिरतं आणि बँकेतले पैसे जातात. सरकारी संकेतस्थळाच्या पत्त्याच्या शेवटी 'जीओव्ही डॉट इन' असतं, एवढी खूण पक्की करा. आणि लायसन्सचा फोटो मोबाइलमध्ये ठेवला म्हणजे झालं असं नाही. डिजिलॉकर किंवा एम-परिवहन या सरकारी अॅपमधलं लायसन्स मात्र मूळ कागदासारखं चालतं.

जाता जाता

गावाकडच्या रस्त्यावर बाई गाडी चालवताना दिसली की आता कुणी मान वळवत नाही. २०२३ मध्ये तर एस.टी.च्या स्टेअरिंगवर महिला चालक बसल्या. लाल परीमागे बसणाऱ्या प्रवाशांनी त्यांचं लायसन्स विचारलं नसेल, कारण ते असणारच, ही खात्री होती. आपल्या स्कूटीविषयीही घरच्यांना, रस्त्यावरच्या माणसाला तीच खात्री वाटायला हवी. आपण बिनचूक चालवतो, हे सांगायला कागदही बिनचूक हवा.

आमच्या गटाच्या रजिस्टरमध्ये आता एक नवा रकाना आखला आहे. नाव, हप्ता, कर्ज, व्याज आणि त्यापुढे 'लायसन्सची तारीख'. ज्या महिन्यात कुणाची तारीख वर्षभरावर येते, त्या महिन्यात अध्यक्षबाई तिचं नाव मोठ्याने वाचतात. ज्यांच्याकडे लायसन्सच नाही, अशा चौघींची नावंही त्यात लिहिली आहेत, त्यांच्यापुढचा रकाना रिकामा ठेवून. त्यातल्या दोघींनी शिकाऊचा अर्ज भरलाय.

तुमच्या गटात, भिशीत, भजनी मंडळात असा एक रकाना आखता येईल का? संक्रांतीच्या हळदीकुंकवाला वाण म्हणून प्लॅस्टिकचा डबा देण्यापेक्षा येणाऱ्या प्रत्येकीला तिची तारीख शोधून दिली तर? विचार करा. पण त्याआधी, हे वाचून झाल्यावर, पेपर घडी करून ठेवण्याआधी, पर्स उघडा. तेवढं एक काम आजच करा.